दौलतची कबुतरं

"आन् मंग कबुतरं आयकू आली," रुख्मिणी म्हणाली.

दौलतच्या हातातली चहाची बशी ओठांपाशीच थांबली.

राहीबाईच्या ओसरीवर चौघं बसली होती. राहीबाई, रुख्मिणी, दौलत आणि त्याची बायको द्वारकाबाई. बुधवारी आदिलाबादला कामगार कचेरीत पूनमच्या मरणाची चौकशी होती. साहेबापुढं काय सांगायचं, कसं सांगायचं, याची उजळणी चालली होती. पूनम ही राहीबाईची एकुलती लेक. बावीस वर्षांची. माघात कापसाच्या जिनिंग कारखान्यात मशीनच्या पट्ट्यात ओढणी अडकून गेली. रुख्मिणी शेजारच्या मशीनवर होती, म्हणून साक्ष तिची. आणि दौलतला बोलावलं होतं ते त्याला बोलायची सवय म्हणून. रेडिओचा माणूस. माइकपुढं ज्याची जीभ अडखळत नाही, तो साहेबापुढं काय अडखळणार, असं गावाला वाटत होतं.

"कोनची कबुतरं?" राहीबाईनं विचारलं.

"वरची, पत्र्याखालची. मशीन हूऽऽ हूऽ करत हळूहळू बंद पडली, काकू. एकदम सुम झालं. मंग वर कबुतरं घुमली, फडफडली. आन् कोनाच्या तरी डब्याचं झाकन घरंगळत गेलं. मले आजबी ते आयकू येते."

"मशीन बंद झालीच नाई."

"झालती, काकू."

"नाई झालती! माह्या गळ्यात पडून तूच सांगतलं वं त्या दिवशी. पट्टा चालूच होता काकू, कोनी बंदच नाई केला. तूच सांगतलं!"

रुख्मिणीचा चेहरा गोंधळला. अंधारात पायरी चुकलेल्या माणसाचा होतो तसा.

"मी सांगतलं? मले तं तसं याद नाई. माह्या लेकराची आन घेऊन सांगते काकू, जे कानात हाय तेच सांगून राह्यली."

"किती देले तुले मालकानं?"

 रुख्मिणी उठली. पदर तोंडाशी धरून दोन पायऱ्या उतरली आणि मागं वळून दौलतकडं पाहून म्हणाली, "दादा, तुमी तरी सांगा न काकूले. मी खोटी बाई आहे काय?"

दौलतनं मान हलवली. ती हो म्हणून हलवली की नाही म्हणून, हे त्याचं त्यालाही कळलं नाही.

ती गेल्यावर राहीबाई बराच वेळ जोत्याची माती नखानं उकरत राहिली. मग बोलायला लागली.

"भाऊ, मी तिथंच होती. जिनिंगच्या अंगनात. कापसातला कचरा येचत होती. आतलं दार वीस पावलावर. मशीन थांबली असती तं मी उठली नसती का? दिवसभर ते घरघर कानात असते. थांबली तं झोपेतून जाग आल्यावानी होते मानसाले. ते थांबलंच नाई. म्हनून मी बसली. सुट्टीचा भोंगा होयेपर्यंत येचत बसली. भोंगा झाला, बाया बाहेर आल्या, तवा मले कळलं."

तिनं नख थांबवलं.

"आता गावात बाया काय म्हनतात ठाऊक हाय? मशीन थांबली, सारी जिनिंग सुम झाली, आन् माय कचरा येचत बसली. कसली माय. कोनी तोंडावर नाई म्हनत. पन हापशावर मी गेली की गप होतात. मले पैशाचं काई नाई भाऊ. पैसा येवो न येवो. साहेबाच्या कागदावर एवढं चढलं पायजे, का मशीन चालू होती. बस."

घरी परत येताना द्वारकाबाई नवऱ्याच्या दोन पावलं मागं चालत होती. मारुतीच्या पाराशी तिनं पावलं उचलून त्याला गाठलं. मग म्हणाली, "ते झाकन आपल्या मुरमुऱ्याच्या डब्याचं होतं ना?"

"हो."

"आन् कबुतरं?"

"माहीच."

"मी तवाच म्हनलं होतं, कबुतरं काऊन घातली म्हनून. तुमी म्हनले, तुले नाई समजत."



*

दौलत सालगड्याचा पोर. पाटी-पेन्सिल त्याच्या हातात आली ती तिशी उलटल्यावर, प्रौढांच्या वर्गात. रेडिओत मात्र तो त्याआधीच शिरला होता. आदिलाबादच्या केंद्रावर एका श्रुतिकेचं काम चाललं होतं आणि बिथरलेला बैल काही कोणाला जमेना. बाहेर दौलत गवंड्याच्या हाताखाली विटा वाहत होता. त्यानं डोक्यावरचं घमेलं न उतरवता खिडकीतून बैल काढून दाखवला. तेव्हापासून नाटक असलं की त्याला बोलावणं यायचं. सुपात सरकी घोळवून तो पाऊस पाडायचा. तुरीच्या वाळल्या काड्या मुठीत मोडून घर पेटवायचा. ओल्या गोणपाटावर बुक्क्या मारून कुस्ती लावायचा. अक्षरं येत नव्हती तेव्हा त्यानं वहीत आपल्या खुणा केल्या होत्या. पावलांना तीन टिंबं, पाण्याला नागमोडी रेघ आणि गप्प राहायच्या जागी रिकामा गोल. अक्षरं आली तरी वही त्याच खुणांची राहिली.

तिथल्या एका म्हाताऱ्या नाटकवाल्या साहेबानं त्याला एकच गोष्ट शिकवली होती. "दौलत, मोठ्या आवाजानंतर कान रिकामा ठेवायचा. माणूस तिथंच रडतो." दौलतनं ती जन्मभर गाठीला बांधून ठेवली.

पुढं नाटकं कमी होत गेली, बोलावणी बंद झाली. त्याचे केस पिकले. चार वर्षांपूर्वी जैनथ रोडला एका संस्थेनं पंधरा-वीस गावांपुरता लहानसा रेडिओ काढला. तिथं तेजस्विनी नावाची मुलगी सगळं पाहायची. तिनं एकदा विचारलं, "काका, शब्दच नसलेलं नाटक करायचं का? नुसत्या आवाजांचं?" दौलतला वाटलं, हे कोणीतरी विचारावं म्हणूनच आपण साठी गाठली. पहिलं त्यानं आठवडी बाजाराचं केलं. दुसरं पैनगंगेच्या डोहात म्हशी धुण्याचं. लोक फोनवर ऐकायचे, हसायचे, "हे पाह्य, माही म्हैस" म्हणायचे.

तिसरं पूनमचं. नाव ठेवलं 'रांग'. जिनिंगमध्ये मशीनची रांग असते आणि त्या मागं बायांची, म्हणून.

करण्याआधी तो राहीबाईला विचारायला गेला होता. ती म्हणाली होती, "करा भाऊ. पन माह्या पोरीचं नाव घेऊ नका." त्यानं नाव घेतलं नाही. आणि बाकी काही विचारलंही नाही. दुखऱ्या जागी कशाला बोट लावायचं, असं त्याला वाटलं. जिनिंगमध्ये तेव्हा परक्याला आत घेत नव्हते. मग त्यानं गावातल्या पिठाच्या गिरणीचा आवाज घेतला. गिरणीचा पट्टा उतरवला की ती हूऽऽ हूऽ करत, दम लागलेल्या म्हातारीसारखी हळूहळू थांबते. तो आवाज हाती लागला तेव्हा त्याच्या अंगावर काटा आला होता. ऑटोतून येणाऱ्या बाया, डब्यांचा खडखडाट, मशीन सुरू, वाढत वाढत जाणारी घरघर, मग कापड फाटल्याचा एक आवाज. मग गिरणीचं ते थांबणं. मग वहीत रिकामा गोल. अर्धं मिनिट काही नाही. आणि त्या रिकाम्या जागेला खोली यावी म्हणून, अगदी शेवटी, कबुतरं. ओंजळीत तोंड घालून घुमायचं, जुनी छत्री झटकून फडफडवायची आणि मुरमुऱ्याच्या डब्याचं झाकण घरंगळत सोडायचं.

लोक रडले. ज्या बाया त्या दिवशी जिनिंगमध्ये होत्या, त्याही रडल्या. फोनाफोनी गावोगाव गेलं ते. रुख्मिणी म्हणाली होती, "दादा, मी रोज आयकते. आयकल्याबिगर झोप नाई येत." दौलतला ते शाबासकीसारखं वाटलं होतं.

आता त्याला कळत होतं ते काय होतं. डोळा एखाद्या वेळी शंका घेतो. कान भोळा. त्यात जे रोज घालाल ते तो आपलं म्हणून ठेवून घेतो.

*

सोमवारी सकाळी तो जिनिंगवर गेला. हंगाम सुरू व्हायला अजून दोन महिने होते. फाटक उघडं होतं आणि आत कुलदीप नावाचा फिटर मशीनना तेल देत बसला होता. हा मूळचा वरच्या मुलखातला, पण दहा वर्षं इथं काढलेली. समोरचा मराठी बोलला तरी तो उत्तर हिंदीत द्यायचा.

दौलतनं वर पाहिलं. पत्र्याखालच्या एकेका झरोक्याला बारीक जाळी ठोकलेली होती.

"इथं कबुतरं येत नाई काय?"

कुलदीप हसला. "कबूतर? चाचा, एक पंख रुई में गया तो पूरी गठान वापस आती है. चिड़िया नहीं घुसती यहाँ."

"आन् एखादी मशीन बंद करायची असंल तं?"

"पट्टा गिराओ. नहीं तो नीचे का शाफ्ट बंद करो, चौबीस की चौबीस बंद. फिर हर मशीन में कपास फँसता है. निकालते-निकालते घंटा जाता है."

"बंद होताना हूऽऽ हूऽ करते?"

"नहीं. ये तो झटके से मरती है. खट. बस."

दौलतनं एका मशीनच्या थंड लोखंडावर हात ठेवला. मग हळूच विचारलं, "त्या दिवशी काय केलं होतं? पट्टा पाडला का शाफ्ट बंद केला?"

कुलदीपनं हातातलं फडकं उलटं केलं, सुलटं केलं. "मैं उस दिन छुट्टी पर था, चाचा," तो म्हणाला, आणि तेलाचा डबा घेऊन रांगेच्या पार दुसऱ्या टोकाला गेला. तिथल्या मशीनना त्यानं सकाळीच तेल दिलेलं दिसत होतं.

*

मंगळवारी दुपारी दौलत तेजस्विनीच्या पुढ्यात बसला. भिंतींना अंड्यांचे ट्रे चिकटवलेली ती छोटीशी खोली. आत आलं की बाहेरचं जग तुटायचं. एरवी त्याला तिथं माहेरी आल्यासारखं वाटे. आज तसं वाटलं नाही.

तिनं त्याला बोलूच दिलं नाही. "काका, शर्ट शिवून झाला का? एकवीस तारखेला निघायचं. हैदराबादला सगळ्या देशातून रेडिओची माणसं येणार. 'रांग' अंधार करून ऐकवणार आहेत, मोठ्या हॉलमध्ये. मग दिवे लागणार आणि तुम्ही स्टेजवर."

"ते थांबव, पोरी."

"काय थांबवू?"

"'रांग'. हैदराबादले कळव का येत नाई. आन् आपल्याकडून लोकाईले फोनवर जाते तेबी बंद कर."

मग त्यानं सगळं सांगितलं. तिनं ऐकून घेतलं. हुशार पोरगी, लगेच तोड काढणारी.

"काका, ते नाटक आहे. नाटकात सगळं खरंच असावं लागतं असं थोडंच आहे? लोकांना कळतं ते."

"लोकाईले कुठी कळते? मलेच नाई कळलं."

"बरं, मग असं करू. दुसरं करू. मशीन थांबतच नाही असं. ती गिरणी काढून टाकू, कबुतरं काढू, घरघर शेवटपर्यंत ठेवू. चार दिवसांत ते सगळीकडं जाईल. रुख्मिणीताईसुद्धा ऐकतील."

दौलत तिच्याकडं पाहत राहिला. तिनं वाईट मनानं म्हटलं नव्हतं. त्याच्याही मनात काल रात्रभर हेच आलं होतं.

"मंग तिच्या कानात ते बसंल," तो म्हणाला. "म्या आधी एक घातलं, आता दुसरं घालू? आन् तिचं सोताचं जे होतं ते कुठी गेलं? ते कोन आनून देईन?"

 तेजस्विनी टेबलावरचा पेन उगाच सरळ करत म्हणाली, "तुम्ही साहेबासमोर हे बोललात तर तिथं वकील असेल. हसतील तुमच्यावर. तीस-पस्तीस वर्षं केलंत काका. एवढ्या वर्षांत एकदा कोणीतरी बोलावलंय."

"हो," दौलत म्हणाला. "एकदाच बोलावलं."

निघताना त्यानं दाराशी थांबून विचारलं, "त्या शर्टाले काज करायचे राह्यले होते. आता शिंप्याले काय सांगू?" तिला हसू आलं आणि डोळ्यांत पाणीही आलं.

*

बुधवारी आभाळ मोकळं होतं. तरी द्वारकाबाईनं निघताना खुंटीवरची जुनी छत्री त्याच्या मनगटात अडकवली.

"पानी कुठी हाय?"

"पान्यासाठी नाई देऊन राह्यली," ती म्हणाली. "लागंल."

ऑटोत राहीबाई पुढं, ड्रायव्हरच्या बाजूला बसली. रुख्मिणी मागं, दौलतच्या शेजारी. दोघींत एक शब्द नाही. दुतर्फा कापूस कमरेला आलेला, बोंडं धरायला लागलेली. जैनथ मागं पडल्यावर रुख्मिणी हळूच म्हणाली, "दादा, माह्या मनात पाप नाई."

"मले ठाऊक हाय, बाई."

"मंग काकू मले अशी काऊन पाहते?"

तिथंच तिला सांगावं असं त्याला फार वाटलं. पण ऑटोत सांगितलं असतं तर वकील म्हणाला असता, रस्त्यात शिकवून आणली. त्यानं छत्रीची मूठ घट्ट धरली.

कचेरीची खोली माडीवर होती. साहेब मध्यम वयाचा, चष्म्याचा, तेलुगू माणूस. मराठी त्याला थोडी समजायची, बोलायचा हिंदीत. बाजूला लिहून घेणारा कारकून. मालक आला नव्हता. त्याचा वकील आला होता, पांढऱ्या शर्टातला, हसऱ्या तोंडाचा. पंखा खटखट करत फिरत होता. दर चौथ्या फेऱ्याला एक खट. दौलतच्या कानानं सवयीनं ते मोजलं.

आधी राहीबाईला विचारलं. तिनं सांगितलं तेवढंच. मशीन थांबली नाही, म्हणून मी उठले नाही. वकील नरम आवाजात म्हणाला, "अम्मा, आप तो बाहर थीं. अंदर का आपको कैसे मालूम?"  राहीबाईचं उत्तर आधीच सांगून झालं होतं.

मग रुख्मिणी. साहेबानं सांगितलं, घाबरू नका, आठवतं तसं सांगा. तिनं हात जोडले आणि आठवतं तसं सांगितलं. कापड फाटल्याचा आवाज. मशीन हूऽऽ हूऽ करत थांबली. सुम झालं. मग कबुतरं.

कारकुनानं मान वर केली. "पावुरालु?"

"हो जी, कबुतरं."

"लिखिए साहब," वकील म्हणाला. "मशीन फ़ौरन बंद की गई. गवाह इनकी तरफ की है, हमारी नहीं."

राहीबाईनं डोळे मिटून घेतले.

दौलत उठून उभा राहिला.  

"साहब, वो कबूतर मेरे हैं," तो म्हणाला.

वकील हसला. कारकूनही हसला. साहेबानं चष्म्यावरून पाहिलं. "आप कौन?"

दौलतनं सांगितलं. नाव, गाव, काम. हिंदी तुटक होती, पण त्यानं काही लपवलं नाही. नाटक मी केलं. जिनिंगमध्ये मी तोवर कधी पाय ठेवला नव्हता. ती बंद पडणारी मशीन आमच्या गावची पिठाची गिरणी आहे. झाकण माझ्या घरच्या डब्याचं आहे. या बाईनं ते नाटक रोज ऐकलं, चार-पाच महिने. ही खोटं बोलत नाही. ही माझं नाटक सांगते आहे.

"ये क्या तमाशा है, साहब!" वकील म्हणाला.

"तमाशाच हाय," दौलत म्हणाला. मग त्यानं दोन्ही हातांची ओंजळ तोंडाशी नेली आणि घुमला.

खोलीत कबुतर आलं. कारकुनानं पटकन वर, झरोक्याकडं पाहिलं. दौलतनं छत्री अर्धी उघडून दोनदा झटकली आणि कबुतर उडालं. कारकुनाची नजर पंख्यापर्यंत त्याच्या मागं गेली.

कोणी हसलं नाही आता.

"जिनिंगच्या एकेका झरोक्याले जाळी हाय, साहेब," दौलत म्हणाला. "आदमी पाठवून पाहून घ्या. तिथं कबुतर जाऊच शकत नाई."

त्याला रुख्मिणीकडं पाहायचं धैर्य होत नव्हतं. पण पाहिलं. ती त्याच्या हातांकडं बघत होती. चार-पाच महिने रोज ज्याचा हात धरून ती झोपली होती, तो आवाज तिच्या डोळ्यांदेखत एका म्हाताऱ्याच्या दोन तळहातांतून निघाला होता.

"दादा," ती म्हणाली. "मंग मले काय आयकू आलं होतं?"

"मले नाई ठाऊक, बाई. मी तिथं नोहतो."

"मंग कोनाले ठाऊक?"

 सगळं आयुष्य दौलतनं रिकामी जागा कशानं ना कशानं भरून दिली होती. आज त्यानं हात खाली सोडले आणि तो बसला.

साहेबानं पेन टेबलावर ठेवला. "अम्मा, सोचिए. कान का छोड़ दीजिए. उस टाइम आप क्या कर रही थीं?"

रुख्मिणी विचार करायला लागली. पंखा खटखटत राहिला. वकिलानं काहीतरी म्हणायला तोंड उघडलं आणि साहेबानं बोट वर करून त्याला थांबवलं. बराच वेळ गेला. एवढा की दौलतच्या मनात आलं, रेडिओवर एवढी जागा कोणी रिकामी सोडली नसती.

आधी तिचा डावा हात हलला. मांडीवरून उठला, बाजूला गेला, न दिसणाऱ्या ढिगातून न दिसणारा कापूस उचलला आणि पुढं सारला. मग उजवा. मग पुन्हा डावा. बोटं शेवटच्या क्षणी आत वळत होती, मशीनच्या रोलरपासून वाचायला शिकलेली बोटं. तिचं स्वतःचं तिकडं लक्षच नव्हतं. ती मान वळवून आपल्या उजव्या बाजूला पाहत होती. खोलीत तिथं भिंत होती.

"मी पूनमकडं पाहत होती," ती म्हणाली. "तोंड उघडं होतं माहं. वरडत असन. आन् हात टाकत होते. कापूस टाकत होते. हात थांबत नोहते, काकू. मशीन फिरत राहते तवा हात थांबवता येत नाई. थांबवले तं बोटं जातात. मी तिच्याकडं पाहत होती आन् टाकत होती. टाकतच होती."

कारकून लिहीत होता. वकील खिडकीबाहेर पाहत होता.

ती बोलायची थांबली, पण तिचे हात थांबले नाहीत. डावा, उजवा, डावा. दौलत त्या हातांकडं बघत राहिला. त्यांना कसलाच आवाज नव्हता. सुपानं, सरकीनं, छत्रीनं, कशानंही तो काढता आला नसता. वहीत त्याच्यासाठी खूण नव्हती.

राहीबाई खुर्चीतून उठली. रुख्मिणीपाशी गेली आणि तिच्यासमोर खाली फरशीवर बसली. चालते हात तिनं एकेक करून आपल्या हातांत घेतले आणि मांडीवर ठेवून दाबून धरले.

"बस वं, रुख्मिणी," ती म्हणाली. "भोंगा झाला."